खांद्यावरची दोन बोटं

जिचा चेहरा मी वर्षानुवर्षं माझ्या लॅपटॉपवर बिघडवत आले, ती बाई आज सकाळी हॅरोमध्ये वारली.

तुमच्यातले बरेच जण त्यांना शैलाकाकू म्हणून ओळखतात. शाळेत मुलांना जेवण वाढणाऱ्या डिनर लेडी होत्या. इथल्या मराठी मंडळात कुणाचंही काही अडलं की आधी त्यांना फोन जायचा.

माझ्या फील्डमध्ये मात्र त्यांना कुणी शैला म्हणत नाही. तिथे त्या "ग्रीन लेडी".

फोटोची फाइल लहान करायची, खराब झालेला फोटो साफ करायचा, हे माझं काम. नवी पद्धत चालते की नाही हे बघायला सगळ्या लॅब्जमध्ये तेच ते ठरलेले फोटो वापरतात. म्हणजे एकमेकांशी तुलना करता येते.

ग्रीन लेडी त्यातलीच एक. हिरवी साडी, जरीचे काठ, नथ, कानाखाली बारीकसा तीळ.

आणि डाव्या खांद्यावर दुसऱ्याच कुणाची तरी दोन बोटं. फोटो चौकोनी हवा म्हणून ते दुसरं माणूस कापून टाकलेलं.

ती बोटं म्हणजे आम्हाला परीक्षाच. पद्धत कच्ची असेल तर दोन्ही बोटं एकमेकांना चिकटतात आणि जरीत विरघळून जातात. ब्रिस्टलला पीएचडी करताना माझे गाइड म्हणायचे, "चेहरा कुणीही सांभाळतं. मला बोटं दाखव."

पुढे केंब्रिजला नोकरी लागली, तिथेही हीच बाई आणि हीच बोटं. ती कोण, कुठली, हयात आहे की नाही, असं कुणी कधी विचारल्याचं मला आठवत नाही. मीही विचारलं नव्हतं.

मग एका संक्रांतीला मैत्रिणीने हॅरोला हळदीकुंकवाला बोलावलं. एक काकू मला कुंकू लावायला वाकल्या आणि मला त्यांच्या कानाखालचा तीळ दिसला.

चेहरा मी ओळखला नसता. तीळ ओळखला. फाइल फार लहान केली की पहिला तोच नाहीसा होतो.

"अगं, अशी बघतेस काय?"

"काकू, तुमचा कधी हिरव्या साडीत फोटो काढला होता का?"

त्यांच्या हातातली वाटी तशीच राहिली. "तुला कोणी सांगितलं?"

मी फोनवर ग्रीन लेडीचा फोटो उघडून दिला. मला वाटलं, स्वतःचा तरुणपणचा चेहरा बघतील. त्यांनी चेहऱ्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. सरळ खांद्यावर झूम केलं आणि कितीतरी वेळ तेवढंच बघत राहिल्या.

"ही नीमा," म्हणाल्या. "माझी धाकटी बहीण."

हॅरोतल्या एका साडीच्या दुकानाला दिवाळीचा कॅटलॉग काढायचा होता. मॉडेल परवडत नव्हती, म्हणून दुकानदाराने नेहमीच्या गिऱ्हाइकांतल्या या दोघी बहिणींना शेजारी शेजारी उभं केलं. "साडीसुद्धा माझी नव्हती गं. फोटो झाल्यावर घडी करून परत दिली."

पुढच्याच वर्षी नीमामावशी आजारपणात गेल्या. घरात कॅमेरा कायम त्यांच्याच हातात असायचा, त्यामुळे फोटोत त्या नसायच्याच. मोठेपणी दोघी एकत्र आहेत असा फोटो हा एकच. काकूंची कॅटलॉगची प्रत घर बदलताना हरवली आणि दुकान तर कधीच बंद झालं.

म्हणजे उरला तो फक्त आमचा. कापलेला.

"तुम्ही पुसट झालेलं परत आणता ना?" काकूंनी विचारलं. "मग कापलेलं आणता येतं का?"

"नाही काकू. कॉम्प्युटर तिथे कुणीतरी बाई काढून देईल. पण त्या नीमामावशी नसतील."

"मग नको."

मला फार वाईट वाटलं. म्हटलं, "कुणी तुम्हाला न विचारता कॅटलॉगमधून फोटो घेतला, जगभर वापरला. राग नाही येत?"

"येतो की! विचारायला नको?" मग म्हणाल्या, "विचारलं असतं ना, तर म्हटलं असतं, घ्या. पण अख्खा घ्या."

त्यानंतर मी त्या फोटोवर कधी नुसतं काम करू शकले नाही. बोटं चिकटली की जिवाला लागायचं.

आज दुपारी रोहनचा, काकूंच्या मुलाचा मेसेज आला. मंडळाच्या ग्रुपवर टाकायची बातमी लिहिली होती. "ताई, माझी मराठी चेक कर ना प्लीज. आणि हा आईची बेस्ट फोटो आहे, मी एडिट केली."

फोटो तोच, मी काकूंना पाठवलेला. मागची भिंत साफ, रंग उजळ. खांदा रिकामा.

मी फोन केला. "रोहन, बोटं कुठे गेली?"

"ओह, ते कोणाचा तरी रँडम हात होता. ॲपने रिमूव्ह केला. का?"

मावशीचं नाव त्याला माहीत होतं. बोटांचं काकू त्याला कधी बोलल्या नव्हत्या. त्याच्या जन्माआधीची गोष्ट, आणि घरात हा विषय निघाला की त्या उठून स्वयंपाकघरात जायच्या.

ती बोटं कुणाची ते मी सांगितलं.  

तो म्हणाला, "ताई, म्हणजे मी मावशीला काढून टाकलं?"

आणि इतका वेळ स्वतःला सावरून धरलेलं पोरगं हमसून हमसून रडायला लागलं. मीही रडले. 

थोड्या वेळाने त्याने बोटं असलेला फोटो पाठवला. खाली लिहिलं होतं, "हेच टाक. आणि मावशीची नाव पण लिही."

वर दिलेल्या त्याच्या मराठीला मी हात लावलेला नाही.

सोबत तो फोटो आहे. कुणी शेअर करणार असाल, स्टेटसला ठेवणार असाल, तर एकच विनंती. चौकोनात बसत नाही म्हणून कापू नका, स्वच्छ दिसावा म्हणून पुसू नका. तो हात परका नाही.

शैलाकाकू, नीमामावशी,

दोघींनाही भावपूर्ण श्रद्धांजली.