अमोलचा उजवा हात

डॉक्टरांनी आधी दार लावून घेतलं, मग खुर्ची आमच्याजवळ ओढली.

मोटर न्यूरॉन डिसीज, ते म्हणाले. मेंदूचे हुकूम स्नायूंपर्यंत नेणाऱ्या नसा यात मरत जातात. आधी हातपाय जातात, मग बोलणं, गिळणं, शेवटी श्वास. डोकं मात्र बहुतेक वेळा शाबूत राहतं. अमोलच्या बाबांनी औषधाचं विचारलं.

"सध्या तरी काहीच नाही. आय अ‍ॅम सॉरी."

अमोल आमचा एकुलता एक. तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता.

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. आम्ही लंडनजवळ पिनरला राहायचो आणि अमोल बर्मिंगहॅमला युनिव्हर्सिटीत शिकत होता. अमेरिकन फुटबॉल टीव्हीवर बघून बघून त्याला त्याचं वेड लागलं होतं. कॉलेजच्या टीममध्ये तो लाइनबॅकर होता. बॉल घेऊन पळणाऱ्याला कवेत घेऊन आडवा करायचं, हे त्याचं काम. कुणी कुठे उभं राहायचं, हे बचावाच्या पोरांना ओरडून सांगायचाही तोच. एकदा आम्ही मॅच बघायला गेलो. चिखलाचं मैदान, बघणारे मूठभर आणि अमोलचा तो दणदणीत आवाज. "घरात तर तोंड उघडत नाही," हे म्हणाले, पण खूश होते.

शेवटच्या वर्षी पळणारे त्याच्या हातून निसटायला लागले. पोरं म्हणाली, स्टिंगर असेल. धडकेने मानेजवळची नस दबते, हात झिणझिणतो, या खेळात ते सर्रास होतं. जीपींनी, म्हणजे तिथल्या फॅमिली डॉक्टरांनी, गोळ्या देऊन आराम करायला सांगितलं.

ख्रिसमसच्या सुट्टीत तो घरी आला, तेव्हा त्याला पोळीचा तुकडा मोडता येईना.

"आई, माझी हात ऐकत नाही," तो म्हणाला.

एरवी मी त्याचं मराठी सुधारलं असतं.

मग तपासण्या सुरू झाल्या. ईएमजीमध्ये स्नायूत बारीक सुया घालून त्यातली वीज बघतात. लंबर पंक्चरमध्ये मणक्यातलं पाणी काढतात. वेटिंग रूममध्ये सगळी म्हातारी माणसं. "तू कुणाला घेऊन आलायस?" असं एका बाईंनी त्याला विचारलं. "आईला," तो म्हणाला.

निदानानंतर टीमचा कॅप्टन गॅरेथ घरी आला. खेळता नाही आलं तरी बाजूला उभं राहून डिफेन्स तूच सांभाळ, असं म्हणाला. मी अमोलला गाडीतून न्यायचे. पुढच्या हिवाळ्यापर्यंत जमलं. मग त्याची जीभ जड झाली. एका मॅचमध्ये तो काय ओरडला ते पोरांना कळलं नाही. ती दोन्हीकडे पांगली आणि समोरच्या टीमचा पोरगा बॉल घेऊन मधून सरळ पळत गेला.

"आई, घरी जाऊ," तो म्हणाला. तेवढं मला कळलं. परत कधी आम्ही मैदानावर गेलो नाही.

हे पुण्याहून काढे मागवत राहिले. अमोल ठसका लागेपर्यंत ते प्यायचा. शेवटी त्याने अक्षरांच्या पाटीवर डोळ्यांनी एकेक अक्षर दाखवलं: बाबा, इनफ. त्या दिवसापासून यांनी इलाज शोधणं सोडलं आणि रोज सकाळी त्याची दाढी करायला लागले.

तुमच्या घरात हा आजार आला असेल, तर गिळताना पहिला ठसका लागला की लगेच नर्सला सांगा. धीर द्यायला माझ्याकडे काही नाही. अमोल बरा होणार नव्हता आणि झाला नाही. बापलेकांना त्या सकाळी मिळाल्या, तेवढ्यासाठी मी आभारी आहे. दुसऱ्या कशासाठी नाही.

त्यानंतरच्या वर्षी फेब्रुवारीत अर्धी दाढी झालेली असताना त्याचा श्वास थांबला. यांनी दुसरा गाल पूर्ण केला, टॉवेलने तोंड पुसलं आणि मग मला हाक मारली.