गुणवंत टिपणिसांचे हात

गुणवंतराव टिपणीस नोएडाच्या स्टुडिओंत आजवर किती वेळा मेले, हे त्यांनाही सांगता यायचं नाही. विषाने मेले, जिन्यावरून ढकलले जाऊन मेले, एकदा तर सख्ख्या जावयाच्या हातून मेले. गुन्ह्यांच्या मालिकेत सेठजी मारायचा असला की फोन यांना. सेठजी नसला तर डॉक्टर: ऑपरेशन थिएटरमधून बाहेर यायचं, "सॉरी, हम उन्हें बचा नहीं पाए" म्हणायचं आणि चालू पडायचं. दिल्लीत सरोजिनी नगरच्या बाजारात एक मोजेवाला ओरडला होता, "अरे अंकल, आप तो परसों मर गए थे ना!" स्वारी इतकी खूश झाली की नको असलेले मोजे घेऊन घरी आली.

पोटापाण्याला केंद्र सरकारची नोकरी होती, ती त्यांनी इमानेइतबारे केली. निवृत्त झाल्यावर सरोजिनी नगरचं क्वार्टर सुटलं आणि बिऱ्हाड गाझियाबादला आलं. पण जीव सगळा नाटकात. आणि माणूस म्हणजे निव्वळ भिंगरी! घरात एका जागी बसेल तर शपथ. बाल्कनीतून स्वयंपाकघरात, स्वयंपाकघरातून बाल्कनीत, डाव्या हातात मोबाईल आणि उजवा हात मिशीवर. सारखा आपला पीळ देणं चालू.

"अहो, एक दिवस उपटून हातात येईल ती," अहिल्याबाई, म्हणजे त्यांच्या पत्नी, म्हणायच्या.

हीच खोड रंगमंचावर. वाक्य अडलं की हात मिशीवर, आणि नाही अडलं तरी हात मिशीवर. मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात नाटक बसवायचे तात्यासाहेब प्रधान. ते विंगेत असले तर विंगेतून खेकसायचे, "हात! गुणवंता, हात!" आणि समोर भूमिकेत असले तर नुसते डोळे वटारायचे. वर्षानुवर्षं बाप तात्यासाहेब आणि मुलगा गुणवंत. मुलाचे केस पांढरे झाले तरी बाप काही जागा सोडेना. एकदा न राहवून यांनी विचारलंच, "तात्या, आम्हाला मोठं काम कधी?"

"तुझे हात गप्प बसतील त्या दिवशी."

लागलं हो ते. चांगलंच लागलं. तरी बाहेर कुठेही काम केलं की पहिला फोन तात्यांनाच. पलीकडून शाबासकी नाही, कसं झालं नाही, थेट एकच प्रश्न: "हात कुठे होते?"

आणि मग एकदाचं ते काम आलं. रुचिता मलिक नावाची तरुण मुलगी सिनेमा करत होती, पानिपतच्या एका हातमागवाल्याचा. त्याचा मुलगा ट्रक चालवायला जातो आणि अपघातात मरतो. गुणवंतराव बाप. दोनच सीन. पहिल्यात मिशीला पीळ देत मुलाला बसमध्ये बसवायचं. दुसऱ्यात मुलाला जाळून घरी यायचं, मागावर बसायचं आणि शेजाऱ्याशी बोलायचं. पानभर बोलणं, आणि कॅमेरा फक्त यांच्या तोंडावर! उभ्या आयुष्यात कॅमेरा यांच्या तोंडावर दोन वाक्यांच्या वर कधी थांबला नव्हता. हे गेलं तर पुन्हा काही येणार नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

पहिला सीन झाला. दुसऱ्याला मागाची शेड रिकामी व्हायची होती, म्हणून थोडे दिवस मध्ये गेले. नेमके त्याच दिवसांत तात्यासाहेब गेले.

मूलबाळ नव्हतं. कांताकाकू, तात्यांच्या पत्नी, भिंतीला टेकून बसल्या होत्या. अग्नी कोण देणार म्हणून माणसं कुजबुजायला लागली, तेव्हा त्या एवढंच म्हणाल्या, "गुणवंता, तू दे. इतकी वर्षं त्यांचा मुलगाच होतास की."

घाटावर गुरुजी समजूतदार होते. "क्षौर पूर्ण नको असेल तर दोन केस कापले तरी चालतं हल्ली," म्हणाले. गुणवंतरावांना राग आला. दोन केस? तात्यांसाठी? "पूर्ण करा," म्हणाले आणि न्हाव्यासमोर मान खाली घालून बसले. डोकं झालं, मिशी झाली. नळावर तोंड धुताना हात सवयीने ओठावर गेला आणि तिथेच थांबला. पानिपत! अरे देवा, पानिपत!

सिनेमावाल्यांचं एक असतं, माणूस या सीनमधून त्या सीनमध्ये गेला तरी शर्टाचं बटणसुद्धा तसंच लागतं. त्याला ते कंटिन्यूटी म्हणतात. इथे बटण कसलं, अख्खी मिशी यमुनेत गेली होती. रुचिताला सांगावं, तर ती दुसरा माणूस घेईल. दिल्लीत म्हातारे नट पैशाला पासरी! न सांगावं, तर तिथे जाऊन फजिती. दिवस घालायला म्हणून ते तात्यांकडेच राहिले होते, पण एका जागी ठरेनात. फोन हातात घ्यायचे, नाव काढायचे, ठेवून द्यायचे. गुरुजी मंत्र सांगत असताना यांचं बोट ओठावरून फिरतंय. स्वतःची शरम वाटायची: बापासारखा माणूस गेला आणि आपण मिशीसाठी रडतोय. आणि खरं रडू तर आलंच नव्हतं. घाटावरही नाही.

तेराव्याची पानं उठली तशी कांताकाकूंनी हाक मारली. "इकडे ये. काय चाललंय तुझं? हात बघ तुझा." मग सगळं सांगावंच लागलं. काकू उठल्या. आत जाऊन तात्यांची मेकअपची पेटी घेऊन आल्या आणि जाळीवर विणलेली एक भरघोस पांढरी मिशी यांच्या हातावर ठेवली.

"ह्यांची आहे. नीट चिकटव. आणि जा."

पानिपतला ते कानटोपी घालूनच उतरले. कुणी बघायच्या आत सीनमधली पगडी बांधली, कोपऱ्यात जाऊन गम लावला, मिशी बसवली. वस्तऱ्याने सोललेल्या ओठावर गम असा झोंबला की डोळ्यांत टचकन पाणी आलं. आरशात पाहिलं तर, बरी दिसत होती की! पण शेडमध्ये दिव्यांची धग. मागावर बसले, रुचिता जवळ आली आणि थबकली. मिशीचं एक टोक सुटलं होतं.

"अंकल, ये क्या है?"

संपलं, असं त्यांना वाटलं. त्यांनी पगडी उतरवली. तुळतुळीत डोक्यावर बारीक खुंट आले होते.  घरचं कुणी गेलंय, हे शेडमध्ये कुणाला सांगावं लागलं नाही.

"कौन थे?" रुचिताने हळूच विचारलं.

"पिताजी," गुणवंतराव म्हणाले. त्यांचं त्यांनाच नवल वाटलं.

रुचिता त्यांच्या डोक्याकडे बघत राहिली, मग हातातल्या कागदाकडे. "ये आदमी भी तो बेटे को जलाकर आया है," ती म्हणाली. "इसकी मूँछ मैंने क्यों रखी थी? अंकल, निकाल दीजिए. पगड़ी भी."

आता आली का पंचाईत! आजवर सेठजीची मिशी, डॉक्टरचा कोट, जजचा चष्मा, काही ना काही आडोसा होता. आता उघडं डोकं, उघडं तोंड आणि समोर ते भिंग. ॲक्शन म्हटल्यावर बोलणं सुरू झालं. मधेच एक वाक्य अडलं आणि हात उठला. ओठापर्यंत गेला. तिथे काहीच नव्हतं. बोटं तशीच राहिली थोडा वेळ, मग हात हळूहळू खाली आला आणि मांडीवर पडून राहिला. उरलेलं सगळं बोलणं त्यांनी न हलता केलं. घाटावर न आलेलं रडू तिथे आलं, आणि त्यांनी ते पुसलंसुद्धा नाही.

रुचिताने दुसरा टेक घेतला नाही.

बाहेर येऊन त्यांनी सवयीने मोबाईल काढला आणि तात्यांचं नाव दाबलं. रिंग वाजायला लागली तेव्हा लक्षात आलं, पण ठेवायच्या आत पलीकडून फोन उचलला गेला. कांताकाकू होत्या. 

मग काकूंनी विचारलं, "हात कुठे होते रे?"

"एकदा वर गेला, काकू," गुणवंतराव म्हणाले. "मग खालीच होता."