बँकेची भिंत

हा पेंटर म्हणजे माझा सख्खा धाकटा भाऊ. आधीच सांगून ठेवतो, म्हणजे पुढं मी त्याचं कौतुक केलं की कुणी विचारायला नको, हा कोण लागून गेला? थोरला लागून गेलोय. कौतुक करणारच.

उंच इमारतीला बाहेरून रंग द्यायचा असला की लोक आजही आधी त्याचा पत्ता विचारतात. दोराला बांधलेल्या फळीवर बसायचं, त्या फळीला त्यांच्यात झुला म्हणतात, बाजूला डबा अडकवायचा आणि अधांतरी लोंबकळत, भिंत रंगवत रंगवत खाली यायचं. मी टेम्पो चालवतो. चाकं जमिनीवर असली की मी कुणाच्या बापाला भीत नाही. पण त्या झुल्यावर मला बसवलं तर मी पहिल्या मजल्यावरच आईला हाक मारीन. हा वर बसून शीळ घालायचा. आणि हात असा सरळ की रंगाचा पट्टा ओढायला चिकटपट्टी लावायचा नाही. नुसता श्वास धरायचा आणि ब्रश या टोकापासून त्या टोकापर्यंत न्यायचा. दहा गल्ल्या फिरा, असा हात दाखवा, मी टेम्पो तुमच्या नावावर करतो.

त्यानं घर घेतलं ते आमच्या घराण्यातलं पहिलं स्वतःचं घर. तिसरा मजला, बाहेरची खोली, आतली खोली, स्वयंपाकघर. वीस वर्षांचं कर्ज. सही करताना त्यानं श्वास धरला. पट्टा ओढताना धरायचा तसाच.

किल्ली मिळाली त्या दिवशी लोक घराला रंग देतात. यानं सगळ्या भिंतींना पुट्टी भरली, घासून गुळगुळीत केल्या, प्रायमरचा पांढरा हात मारला आणि ब्रश धुऊन ठेवला.

बायको म्हणाली, "अहो, पेंटरचं घर आणि पांढरंफटक? लोक काय म्हणतील?"

तो म्हणाला, "जेवढं आपलं झालं तेवढंच रंगवायचं. उरलेलं बँकेचं. लोकांच्या भिंतीला फुकट रंग लावायला मी काय खुळा आहे?"

त्यानं भिंतींचे पेन्सिलीनं वीस वाटे पाडले. दर वर्षी किल्ली मिळालेल्या दिवशी एक वाटा रंगवायचा. रंग साधासुधा नाही, दुकानातला सगळ्यात भारी. पहिली चार वर्षं स्वयंपाकघरात गेली, कारण बायकोनं तसं बजावलंच होतं. तिथं पिस्त्याचा रंग आला. मग आतली खोली. फिकट आकाशी, आणि छताच्या खाली चौफेर दोन बोटं जाडीचा मोरपंखी पट्टा, हातानं ओढलेला. तो पट्टा बघायला मी पाहुण्यांना मुद्दाम घेऊन जायचो. पाहुण्यांचा चहा गार होईस्तोवर त्यांना वर बघायला लावायचो.

शेजारी थट्टा करायचे. समोरचा न्हावी तर म्हणायचा, "पेंटर, तुमचं घर अर्धी दाढी करून उठलेल्या गिऱ्हाइकासारखं दिसतं."

"उरलेली अर्धी बँक करून देईल," हा म्हणायचा.

घरातही तेच चालायचं. बायकोला कॅलेंडर टांगायचं असलं की ती विचारायची, "हा खिळा आपल्या भिंतीत मारू की बँकेच्या?" पोरगी बाहेरच्या खोलीत पाठ टेकून बसली की हा ओरडायचा, "बँकेच्या भिंतीला टेकू नकोस, भाडं मागतील!" आणि ती आतल्या खोलीत जाऊन आकाशी भिंतीला टेकायची. हसायचे सगळे. पण हसता हसता त्यांच्या मनात पक्कं बसलं होतं की घर दर वर्षी एका वाट्यानं आपलं होतंय. डोळ्यांनी दिसत होतं ना.

दहा वर्षं झाली. आतली खोली पुरी झाली आणि अर्धं घर रंगलं.

त्याच वर्षी त्याचा उजवा खांदा गेला. वर हात नेला की वीज चमकल्यासारखी कळ यायची. डॉक्टर म्हणाले, झुला सोडा. एकदा दोर धरलेला असताना हात सुटला तर औषधाचं काम उरणार नाही. यानं घरी सांगितलं, "जरा जपून राहा म्हणाले." खरं मला सांगितलं, तेही टेम्पोत, मी समोर रस्त्याकडं बघत असताना.

देवासारखा धावून आला तो रंगाचा दुकानदार. त्याला रंग मिसळायला माणूस हवा होता. "मला तुझा डोळा पाहिजे, खांदा नको," तो म्हणाला. पगार मात्र झुल्याच्या कमाईपेक्षा बराच कमी. "उद्या सकाळी दुकान उघडायच्या आत सांग. नाहीतर माझ्याकडं दुसरा एक बसलाय."

पेंटरनं मनात हिशेब मांडला. पगार कमी, पण कर्जही अर्धं फिटलंय. मग हप्ता अर्धा करून घेऊ. अर्ध्या हप्त्यात दुकानाचा पगार पुरतो. झुला सुटतो, घर राहतं. त्यात चूक काय होती? मलाही काही दिसली नाही. मी इस्त्रीचा शर्ट घातला आणि त्याच्याबरोबर बँकेत गेलो.

खिडकीमागं एक मॅडम होत्या. पोरसवदा, पण बोलायला नीट.

"अर्धं कर्ज फिटलंय आमचं," पेंटर म्हणाला. "आता हप्ता अर्धा करून द्या."

"एक हप्ता चुकवलेला नाही यानं," मी म्हणालो. "तापानं फणफणला होता तेव्हासुद्धा भरलाय. असं गिऱ्हाईक दिवा घेऊन शोधलंत तरी सापडायचं नाही."

"आपण कोण?"

"थोरला."

त्यांनी कॉम्प्युटरवर काहीतरी पाहिलं, मग पुन्हा पाहिलं. "अर्धं फिटलं असं कुणी सांगितलं तुम्हाला?"

"सांगायला कशाला पाहिजे? वीस वर्षांतली दहा झाली."

"मुद्दलातला साधारण पाचवा हिस्सा फिटलाय," त्या हळूच म्हणाल्या. "चार हिस्से बाकी आहेत. आणि मुदत अजून जवळजवळ चौदा वर्षं आहे."

माझा आवाज चढला. "विसातून दहा गेले की चौदा? मॅडम, मी सातवीत शाळा सोडली, पण एवढी वजाबाकी मला येते!"

पेंटरनं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "दादा, बस. त्यांना बोलू दे."

मॅडमनी खरंच न रागावता सांगितलं. हप्ता दर महिन्याला तेवढाच असतो, पण त्याच्या पोटात दोन वाटे असतात. आधी बाकी रकमेचं व्याज कापून घेतात, मग उरेल ते मुद्दलाला. सुरुवातीला बाकी मोठी, म्हणून व्याजही मोठं. "तुम्ही शंभर भरलेत तर ऐंशीच्या वर व्याजात गेले. मुद्दलाला उरले ते पंधरा-वीस. शेवटच्या वर्षांत हेच उलटं होतं. आणि मधे व्याजाचा दर वाढला. हप्ता वाढवला तर लोकांचे हाल होतात, म्हणून हप्ता तोच ठेवला आणि वर्षं वाढवली. तसा निरोप आला होता तुमच्या मोबाइलवर."

पेंटरला तो निरोप आठवला. कुठल्याशा दवाखान्याच्या भिंतीवर तो झुल्यावर बसलेला होता. एका हातानं दोर धरून त्यानं मोबाइल काढला आणि पहिली ओळ वाचली, की तुमच्या हप्त्यात काही बदल नाही. बरं झालं, म्हणून फोन खिशात घातला आणि शीळ घातली.

"आणि हप्ता अर्धा केला तर?" त्यानं विचारलं.

"अर्ध्यात तर महिन्याचं व्याजही भागत नाही. कर्ज फिटायच्या ऐवजी वाढत जाईल."

तो खिडकीजवळ सरकला. मग म्हणाला, "सगळं मिळून शेवटी किती जाणार? तुमचे मोठे आकडे नका सांगू. मला कळेल असं सांगा."

त्यांनी क्षणभर विचार केला. "जेवढं कर्ज घेतलंत त्याच्या अडीचपट म्हणा."

म्हणजे एका घरात राहायचं आणि अडीच घरांचे पैसे मोजायचे. मी तोंड उघडणार तोच पेंटरनं शेवटचं विचारलं, "आणि हप्त्याच्या वर काही भरलं तर?"

"ते सगळंच्या सगळं मुद्दलात जातं. पैसुद्धा व्याजात जात नाही. हप्ता पाचव्या हिश्श्यानं वाढवलात तर चौदाची दहा वर्षं होतील. सुरुवातीलाच थोडं थोडं वर भरलं असतं तर फारच फरक पडला असता."

बाहेर आलो. तो टेम्पोच्या मागच्या फळीवर बसला. रस्त्यापलीकडं त्यानंच रंगवलेली इमारत होती, पण त्यानं तिकडं पाहिलं नाही.

"दादा," तो म्हणाला, "मी दहा वर्षं भिंत नुसती घासत होतो. रंगाचा हात अजून लागलाच नाही."

"अरे, त्या बँकेला मी..."

"तिला काय करणार तू? टेम्पो घालणार? आणि ऐकलंस ना, वरचे भरले असते तर. दर वर्षी त्या भारी रंगाला किती घातले मी? तेच मुद्दलात गेले असते." त्यानं खांदा चोळला. "जे आपलं नव्हतं त्याला रंग लावत बसलो. खुळाच आहे मी."

मी म्हणालो, माझ्याकडं आहेत थोडे, घे. तो म्हणाला, तुझा टेम्पोही हप्त्यावरच आहे. मी टेम्पो सुरू केला.

घरी गेल्यावर त्यानं सगळं सांगितलं. बँकेचं सांगितलं आणि खांद्याचंही. बायको इस्पितळाच्या धुलाईघरात काम करते. दिवसभर चादरी पिळून आलेली होती. ती ऐकत राहिली. मला वाटलं आता रडेल.

"झुला सोडा असं म्हणाले डॉक्टर?" तिनं एवढंच विचारलं.

"हो."

"आणि तुम्ही मला 'जपून राहा' म्हणून सांगितलंत."

"घर गेलं तर..."

"घराचं मला काय सांगता? दोर सुटला तर या भिंतींशी बोलत बसू का मी?" तिचा आवाज फुटला तो तेवढाच. पोरगी दारात उभी होती, ती आत गेली.

मग तिनं डोळे पुसले आणि धुलाईघरातली बाई बोलते तशी भराभर, कामाचं बोलायला लागली. इस्पितळात एक नवीन नर्स आलीय, खोली शोधतेय. आतली खोली तिला द्यायची. भाड्यातून पगाराची तूट भरून निघेल. आणि ती स्वतः रविवारची जादा पाळी घेईल, ती सगळी मुद्दलात. आपण तिघं बाहेरच्या खोलीत.

"आतली खोली?" पेंटर म्हणाला. नुसतं तेवढंच. मला त्याच्याकडं बघवेना. दहा पाहुण्यांना वर बघायला लावलेला तो मोरपंखी पट्टा मला दिसत होता.

"आतलीच. रंगवलेली आहे म्हणूनच ती घेईल."

पोरगी आतून म्हणाली, "म्हणजे आता आम्ही बँकेच्या भिंतीला टेकायचं का?"

कुणी हसलं नाही. मग तो हसला. "टेक. दहा वर्षं भाडं तर भरलंयच आपण."

दुकानदाराला काय सांगणार, ते मी विचारलं नाही, त्यानंही सांगितलं नाही. त्याचा स्वभाव मला ठाऊक आहे. एकदा का त्यानं मान खाली घालून खांदा चोळायला सुरुवात केली की तो काहीही करू शकतो, पहाटे उठून पुन्हा झुल्यावरही बसू शकतो. जीव टांगणीला लावून मी घरी गेलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी टेम्पो काढला तो सरळ त्याच्या दारात नेला. दार उघडंच होतं. आतल्या खोलीत जमिनीवर कापड अंथरलेलं, पांढऱ्या रंगाचा डबा उघडा. आकाशी भिंतींवर पांढरा हात चढत होता. तो डाव्या हातानं रोलर फिरवत होता, तुटक तुटक, कारण त्या हाताला सवय नव्हती. रंगलेलं आता फक्त स्वयंपाकघर राहणार होतं. वीस वाट्यांतले चार. पाचवा हिस्सा.

"अरे, हे कशाला?" मी म्हणालो. "ती नर्स रंग बघून येणार ना?"

"तिला रंगीत हवं असेल तर तिचा तिनं निवडू दे," तो म्हणाला. "माझा खोटा रंग नको. जेवढं खरं फिटेल तेवढंच पुन्हा लावीन. आणि या वेळी स्वस्तातला."

वरचा पट्टा तसाच होता. त्यानं शिडी लावली, पहिल्या पायरीवर पाय ठेवला आणि सवयीनं उजवा हात वर नेला. तिथंच थांबला. चेहरा पांढरा पडला होता.

बायकोनं त्याच्या हातातून ब्रश घेतला. पदर खोचला. "उतरा."

"तुला जमायचं नाही. पट्टा जपून..."

"झाकायचाच आहे ना? मग जपायचं काय? उतरा म्हणते ना. दुकान उघडायची वेळ होत आली. आंघोळ करून जायचंय तुम्हाला."

तो उतरला. ती चढली. आयुष्यभर वर राहिलेला माझा भाऊ खाली उभा राहिला आणि दोन्ही हातांनी त्यानं शिडी घट्ट धरली, डाव्यानं आणि दुखऱ्या उजव्यानंही. वर तिनं मोरपंखी पट्ट्यावर पहिला पांढरा हात मारला, वाकडातिकडा. तो वर बघत राहिला.

"कडेला जरा हलकं," तो म्हणाला. "हां. असं. श्वास धर."