कढई पुसणारी पोळी

जेवणं आटोपली होती. वहिनी ओट्याशी उभ्या राहून कढईला चिकटलेली वांग्याची भाजी पोळीच्या तुकड्याने पुसून खात होत्या. मघाशी तर पोट भरलं म्हणून त्यांनी भातही घेतला नव्हता.

"अजून भूक होती का?"

"छे हो भावजी. कढई घासायला टाकायची होती."

पुतणी नोकरीसाठी परगावी गेली, तरी या घरात कणीक अजून तिच्या वाट्याचीही भिजते आणि उरलेलं वहिनीच संपवतात. मग ही भूक नक्की कुणाची म्हणायची? पोटाची तर नाही.

तेवढ्यात त्यांनी उरलेली पोळी तूप-गूळ लावून माझ्या हातात दिली.

"तिला अशीच आवडते," त्या म्हणाल्या.

माझंही पोट तुडुंब भरलं होतं. तरी मी ती सगळी खाल्ली. कुणासाठी, ते अजून कळत नाही.