हिरामणचं डायनोफेलिस

म्हसरूळच्या पुढे दिंडोरी रस्त्याला लागलं की डाव्या हाताला एक पत्र्याची शेड दिसते आणि तिच्यापुढे दहा-बारा सिंह बसलेले दिसतात. सगळे सिमेंटचे, सगळ्यांचा उजवा पंजा चेंडूवर आणि सगळ्यांचं तोंड एकच, कारण साचा एकच. ही हिरामणची जागा. इकडे ज्या द्राक्षवाल्याने बंगला बांधला, त्याच्या गेटवर हिरामणचे दोन सिंह बसले. तीस वर्षांत त्याने दुसरं जनावर एकदाच केलं होतं, हत्ती. तो गिऱ्हाइकाने नेला नाही. हिरामण त्यावर टॉवेल वाळत घालतो.

घराणं दगड घडवणाऱ्यांचं. आजोबांनी देवळांच्या पायऱ्या घडवल्या, वडील गावोगाव जात्या-पाट्यांना टाकी लावत फिरले. हिरामणने दगड सोडून सिमेंट धरलं तेव्हा चुलते भर बैठकीत म्हणाले, "हा आपल्यातला नाय." हिरामणने ते ऐकून घेतलं आणि माल कालवायला निघून गेला.

गेल्या वर्षी संक्रांतीनंतर यशोदाबाई त्याच्याकडे आल्या. कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवून त्या निवृत्त झालेल्या. दिंडोरीजवळच्या एका शाळेत प्राचीन प्राण्यांचं दालन उभं करायचं त्यांनी मनावर घेतलं होतं.

"हिरामणभाऊ, मांजर करायचंय," त्या म्हणाल्या.

"केवढं?"

"खांद्याला अडीच फूट."

हिरामणने जमिनीपासून हात वर नेऊन माप पाहिलं. "मॅडम, हा बिबट्या झाला."

"बिबट्या नाही. डायनोफेलिस. बारा लाख वर्षांपूर्वी संपलं."

"मंग घाई नाय," हिरामण म्हणाला.

बाईंनी कवटीचे फोटो दिले होते. पण हिरामणने मोबाइलवर 'जुना वाघ' असं बोलून पाहिलं, आणि जे जनावर वर आलं त्याचे सुळे हनुवटीच्याही खाली गेलेले होते. ते त्याला पसंत पडलं. आत सळई घालून त्याने वीतभर सुळे केले. आठ दिवसांनी बाई आल्या, मान तिरकी करून बघत राहिल्या.

"हे दुसरंच जनावर आहे. दात कापा."

"एवढे चांगले आलेत."

"चांगलेच आलेत. पण याचे नाहीत."

मग त्यांनी खडू मागितला आणि शेडच्या पत्र्यावर झाड काढलं. खोड म्हणजे मांजर कुळ. एका फांदीवर सिंह, वाघ, बिबट्या आणि "हे तुमच्या गोणीवर झोपलंय ते मांजर." दुसरी फांदी तलवारीसारख्या सुळ्यांच्या, म्हणजे खड्गदंती मांजरांची. त्या फांदीवरचं आज कोणीच उरलेलं नाही.

"डायनोफेलिसचे दात अधलेमधले. बिबट्याहून लांब आणि चपटे, खऱ्या खड्गदंतीहून आखूड. त्यामुळे अभ्यासक कित्येक वर्षं भांडले. कोणी या फांदीवर बसवलं, कोणी त्या. खोटं खड्गदंती असंही म्हणायचे."

"खोटं म्हन्जे?"

"म्हणजे त्यांच्यातलं नाही, नुसतं तसं दिसतं. आता मात्र त्याला खड्गदंतींच्याच उपकुळात धरतात."

"दात आखूड असून?"

"नुसते दात बघून घराणं ठरत नाही, हिरामणभाऊ. सगळी हाडं बघावी लागतात."

 हिरामणने करवत घेतली आणि दात कापले. त्या दिवशी त्याने सिंह ओतला नाही.

पुढचे दोन महिने तो याच कामावर होता. साचा नव्हता, सगळं हाताने. पुढचे पाय जाड हवेत, कारण हे जनावर शिकार पुढच्या पायांनी दाबून धरत असावं, असं बाई म्हणाल्या. हिरामणने ते तीनदा तोडून पुन्हा बांधले. मग रंगाची वेळ आली.

"ठिपके का पट्टे?"

"कोणी पाहिलंय? रंग काही हाडांत उरत नाही. तुम्हाला योग्य वाटेल तो द्या."

तीस वर्षांत असं त्याला कोणी म्हणालं नव्हतं. सिंहाला सोनेरी, मिशीला काळा, एवढंच ठरलेलं. तो दोन दिवस ब्रश घेऊन नुसता बसला. शेवटी त्याची बायको सरुबाई म्हणाली, "गवतात लपायचं असंल तर गवतासारखं रंगवा की." त्याने वाळल्या गवताचा रंग दिला आणि त्यावर जेमतेम दिसतील असे ठिपके.

शाळेचे अध्यक्ष सोमनाथअप्पा बघायला आले. त्यांच्या स्वतःच्या गेटवर हिरामणचेच सिंह होते आणि भावाच्या बंगल्यासाठी आणखी चार सांगितलेले होते.

"हा तर बिबट्या," अप्पा म्हणाले. "बिबटे आमच्या उसात रोज दिसतात. दात मोठे कर. पोरं दचकली पायजेत."

"दात वाढवले तर दुसरं जनावर होईल, अप्पा."

"होऊ दे."

"त्याची ऑर्डर नाय."

"हिरामण, तुला काय कळतं रे यातलं?"

हिरामण त्यांना पत्र्यापाशी घेऊन गेला. खोड दाखवलं, दोन्ही फांद्या दाखवल्या, सिमेंटने माखलेलं बोट टेकवून अभ्यासकांचं भांडण कुठे होतं तेही दाखवलं. हे जनावर आपल्या हिमालयाच्या पायथ्याशी, शिवालिकच्या टेकड्यांतही सापडलंय, हे बाईंकडून ऐकलेलंही सांगितलं. अप्पांनी अर्धं ऐकलं, मग त्यांना फोन आला.

चार सिंहांची ऑर्डर ओझरच्या माणसाकडे गेली. सरुबाई त्यावर दोन दिवस बोलली आणि तिसऱ्या दिवशी बोलायची थांबली. अप्पांनी डायनोफेलिस शाळेच्या दारात बसवू दिलं नाही. ते दालनात आतल्या भिंतीला बसलं. बाईंना ती जागा चालली.

पाटी मात्र मी रंगवणार, असं हिरामणने सांगितलं. आजवर त्याच्या एकाही सिंहाला पाटी नव्हती. बाईंनी मजकूर लिहून दिला. प्रजाती डायनोफेलिस. कुळ मांजराचं. उपकुळ खड्गदंतींचं. त्याखाली एक ओळ होती, 'गट', आणि तिच्यापुढे काहीच नव्हतं.

"हे ऱ्हायलं," हिरामण म्हणाला.

"त्यावर अजून एकमत नाही. ती ओळ गाळा."

हिरामणने ओळ गाळली नाही. 'गट' एवढं लिहून पुढे वीतभर जागा कोरी ठेवली, आणि ठरलं की फोन करा म्हणाला. बाईंनी अजून फोन केलेला नाही. दर महिन्या-दोन महिन्यांनी तोच करतो.