रेवणप्पाच्या नावाला ओ

शिवकांताचं भांडण विहिरीच्या पाळीचं. लातूर जिल्हा नवा झाला आणि पुढच्या काही वर्षांत पावसानं अशी पाठ फिरवली, की सामाईक विहिरीचं पाणी रक्ताच्या नात्यापेक्षा महाग झालं. आदल्या संध्याकाळी विहिरीवर नाव पुकारायचं, ज्याचं नाव त्यानं ओ द्यायची, दुसऱ्या दिवशीचं पाणी त्याचं. माणूस मेला तरी नाव बदलत नसत. पोरगा बापाच्या नावाला ओ देई. शिवकांताचा नवरा सिद्धेश्वर गेला तेव्हा मागं एक पोरगीच होती, महानंदा. पाळी पुकारणाऱ्या थोरल्या दिरानं, रेवणप्पानं, सिद्धेश्वरचं नाव पुकारणंच सोडलं.

"बाईच्या आवाजाला पाळी मिळत न्हाई," रेवणप्पाची बायको, तिची जाऊ शांतम्मा म्हणाली. "ओ द्यायला लेक लागतो."

शिवकांतानं दावा लावला. तोवर महानंदा दोराला धरून ओढ्याकाठच्या पडक्या आडात उतरायची, वाटीवाटीनं घागर भरायची. पोरीचं डोकं वर दिसेपर्यंत शिवकांताचा जीव काठावर टांगलेला असे.

दावा चालू असतानाच रेवणप्पा गेला. बोलणं बंद होतं, तरी शिवकांता मातीला गेली. बेल वाहिला, भस्म टाकलं. कुणी अडवलं नाही आणि कुणी बस म्हणालंही नाही.

पुढच्या तारखेला पट्टेवाल्यानं रेवणप्पाचं नाव पुकारलं. थोरला लेक मलप्पा म्हणाला, "हजर." शिवकांताला त्यात काही वेगळं वाटलं नाही. तारखेमागून तारखा अशाच गेल्या. मग उन्हाळ्यात मलप्पाचा वकील उठला आणि शांतपणे म्हणाला, की प्रतिवादी कधीचाच मयत आहे, वारसांची नावं मुदतीत लावलेली नाहीत, तेव्हा दावा पडला.

तिचे वकील तिच्यावरच उखडले. "दीर मेला, हे मला सांगायचं नाही?"

"कोर्टाला ठावं हाय वाटलं. पोरगा ओ देत होता की."

त्यांनी उशीर माफ करण्याचा अर्ज केला आणि बजावलं, "साक्षीत म्हणायचं, मला कळलंच नाही."

"मी मातीला गेल्ते, साहेब."

"ते विसरा."

साक्षीच्या दिवशी शांतम्मा बाकावर पुढं सरकून बसली होती. शिवकांता खोटं कधी बोलते याची ती वाट बघत होती; बोलली असती तर अर्धा गाव उलटी साक्ष द्यायला तयार होता.

"दिराच्या अंत्यविधीला तुम्ही होता?" समोरच्या वकिलानं विचारलं.

शिवकांताला आडातला दोर दिसला. एक 'नाही' म्हटलं की झालं, असं तिला सांगितलेलं होतं.

"होते. मूठभर माती बी दिली."

तिच्या वकिलांनी मान खाली घातली.

"मग कोर्टाला का नाही सांगितलं?"

"नाव निघालं की मलप्पा हजर म्हणायचा. आमच्याकडं मेलेल्याचं नाव पोरगाच चालवतो. मला वाटलं, हितं बी तसंच असंल."

न्यायाधीशांनी मलप्पाकडं पाहिलं. "हजर तुम्ही म्हणत होता?"

त्याचा वकील अर्धा उठला, पण मलप्पाला तोंड आवरलं नाही. "मग कोण म्हणणार, साहेब? बापाच्या जागी मीच की. पाळीवर बी मीच ओ देतो. आमच्या काकूला उगं वाकडं बोलायची खोडच हाय."

"त्या तेच सांगतायत," न्यायाधीश म्हणाले आणि हुकूम सांगू लागले. उशीर माफ झाला. दावा पुन्हा उभा राहिला. वारसांची नावं लावायची होती.

बाहेर शांतम्मानं गाठलंच. "मेलेल्या दिराचं नाव कोर्टात नाचवलंस, शिवकांते."

"मी खरं तेवढं सांगितलं, आक्का. नाचवलं तुझ्या लेकानं."

शांतम्मा थुंकली. अंगावर नाही, पण पायांपासून फार लांबही नाही.

पुढच्या तारखेला पुकारा झाला, "मयत रेवणप्पातर्फे वारस शांतम्मा."

मलप्पानं तोंड उघडलं.

"तुमचं नाव नंतर," पट्टेवाला म्हणाला. "बाईंनी ओ द्यायची."

शांतम्मानं आजूबाजूला पाहिलं. मग पदर दातात धरून उठली आणि नवऱ्याच्या नावापुढं, सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात, म्हणाली, "हजर."

शिवकांता तिच्याकडंच बघत होती. नजर तिनं हलवली नाही.