टँकर येईपर्यंतची कादंबरी

लातूर जिल्हा नवा झाला तेव्हाच्या एका दुष्काळात औशाला आमच्या गल्लीत दिवसाआड टँकर यायचा. घागरी रांगेत लावून बायका भिंतीच्या सावलीला बसायच्या आणि मी वाचनालयातून आणलेली कादंबरी मोठ्यानं वाचायची. आमच्या घराण्यातली मी पहिली बी.ए. मला त्याचा तोरा होता, आणि का नसावा?

बायकांना लागायचं एकच. नवरा बाहेरख्याली, बायको भोळी. दुसरं काही आणलं की म्हणायच्या, "हे तुझ्या कॉलेजात वाच." त्या कादंबरीतल्या बायकोला नवऱ्याच्या खिशात सिनेमाची दोन तिकिटं सापडली, तेव्हा शेजारच्या मामींनी पदरानं डोळे पुसले. "मुडदा बशीवला त्याचा! भर चौकात उभा करावा असल्याला."

रांगेच्या टोकाला टँकरच्या ड्रायव्हरची बायको बसलेली असायची. तिच्या नवऱ्यानं स्टँडमागं दुसरी ठेवली होती. लपवाछपवी नव्हतीच. भरलेला टँकर त्या दारात तासभर उभा, आणि आम्ही इकडं उन्हात. तरी टँकर आला की ह्याच बायका, "दादा, इकडं सोडा की पाइप! च्या ठिवू का?" माझ्या अंगाची लाहीलाही व्हायची. पण घागर माझीही पुढं असायची, हे खरं.

एकदा वाचन चालू असतानाच ड्रायव्हरची बायको उठली. "हिच्यासाठी रडताय, चांगलंय. मी लातूरच्या कोर्टात पोटगी मागायलेय. टँकर कुणाच्या दारात उभा असतो, तेवढंच सांगायचंय. साक्षीला कोण येतंय?"

सगळ्याजणी आपापल्या घागरींकडं बघायला लागल्या. मामी म्हणाल्या, "बाई, पुरुषाची जात. सांभाळून घ्यावं. अन् पाणी कोण आणंल, तुझं कोर्ट?"

दोघीतिघी हसल्या. हसल्या! आज लिहितानाही संताप येतो. पुस्तकातल्या नवऱ्याची ओढ का वाटते, ते मला कळतं. घरात गिळलेल्या शिव्या त्याला मोकळ्यानं घालता येतात, आणि तो काही उलटून मारत नाही. त्या रांगेतल्या किती जणींनी अशा शिव्या गिळल्या होत्या, मला ठाऊक होतं. मग शेजारी बसलेल्या जित्या बाईला एक शब्द का देता येऊ नये?

"वहिनी, मी येते," मी म्हटलं. तिच्या अर्जावर साक्षीदार म्हणून सही केली, पुढं ठळक बी.ए. लिहून.

टँकर गल्लीत यायचा बंद झाला. पार नाक्यावरून पाणी आणावं लागायला लागलं. आई म्हणाली, "गल्ली तहानेनं मारायला शिकलीस का?" वाचनही बंद पडलं.

आठवड्यानं मामी दारात. मला वाटलं, भांडायला आल्या. तर इकडंतिकडं बघून हळूच म्हणतात, "पुस्तक संपिव की गं. त्या बिचारीचं पुढं काय झालं?"

"आपल्या गल्लीतल्या बिचारीची तारीख सोमवारी आहे," मी म्हटलं. "सकाळच्या एसटीनं लातूरला चला. काय होतंय ते डोळ्यांनी बघा."

आणि दार लावून घेतलं.